मुहूर्त सोडला, मग वेळ का चुकते?

आपल्या समाजातल्या लग्नाची कोणतीही पत्रिका हातात घ्या. वर तथागतांचे आणि बाबासाहेबांचे छायाचित्र, खाली वधू-वरांची नावे, आणि मग 'मंगल परिणय समय : दुपारी १२ वाजून ३५ मिनिटे'. आम्हाला दरवेळी प्रश्न पडतो, ही वरची ३५ मिनिटे आली कुठून? भटजी नाही, पंचांग नाही, गुरुबळ नाही. मग सरळ बारा किंवा साडेबारा का नाही? मुहूर्त गेला, पण मुहूर्ताची सवय पत्रिकेत राहिली, एवढाच त्याचा अर्थ. आणि प्रत्यक्षात लग्न लागते अडीच वाजता. तोपर्यंत माइकवरून दर दहा मिनिटांनी सांगितले जाते, "वधूची तयारी सुरू आहे, पाहुणे मंडळींनी कृपया आसनस्थ व्हावे." मंडपात हशा पिकतो. कुणीतरी म्हणतो, "आता पार्लरमध्येच लावा लग्न!"

त्या हशाबद्दल आम्हाला बोलायचे आहे. लग्नाला उशीर झाला की खापर नवरीच्या केसांवर आणि मेकअपवर फोडायचे, ही आता रीतच झाली आहे. हा विषय फालतू आहे, चळवळीपुढे याहून मोठे प्रश्न आहेत, असे काही मित्र म्हणतील. म्हणू द्या. ज्या विधीत आपण त्रिशरण-पंचशील घेतो, ज्यात स्त्री आणि पुरुष समान पातळीवर उभे राहून प्रतिज्ञा करतात, त्या विधीची सुरुवातच नवरीच्या टिंगलीने होत असेल तर तो प्रश्न आमच्या दृष्टीने लहान नाही.

लग्न ठरल्यावर बैठकीत काय काय ठरते ते आठवा. मंडपवाला किती वाजता येणार, आचारी भट्टी कधी पेटवणार, पाण्याचे जार किती, डीजेवाल्याला वेळ काय द्यायची, व्हिडिओ शूटिंगवाला सकाळपासून हवा की दुपारपासून. प्रत्येकाला विसार दिला जातो, प्रत्येकाची वेळ वहीत लिहिली जाते. नवरीला तयार व्हायला किती वेळ लागेल, हा प्रश्न मात्र त्या बैठकीत कुणी कुणाला विचारत नाही. बहुतेक वेळा नवरी त्या बैठकीतच नसते. ती आत चहा करत असते. वेळ ठरवतात नवरदेवाचे काका, आणि तीही मुंबईहून येणाऱ्या पाहुण्यांच्या गाडीवरून.

मग लग्नाच्या दिवशी काय होते? आंघोळी, नाश्ता, सामान यात नवरीकडची गाडी गावातून आठला निघते. साडेदहाला मंगल कार्यालयात पोहोचते. नवरीच्या खोलीची चावी कुणाकडे आहे हे शोधण्यात अर्धा तास जातो. पार्लरवाली ताई नऊपासून ओट्यावर पेटी घेऊन बसलेली असते. अकराला तिचा हात नवरीच्या चेहऱ्याला लागतो. अकरात साडेतीन तास मिळवा. अडीच होतात. म्हणजे नवरीने तिला जेवढा वेळ लागतो तेवढाच घेतला, एक मिनिटही जास्त नाही. ज्यांनी बेरीज केली नाही ते मंडपात बसून हसत आहेत.

हे साडेतीन तास कशात जातात, हे आमच्या पुरुष कार्यकर्त्यांना ठाऊक नसते, म्हणून थोडे सविस्तर सांगतो. वस्तीतल्या ज्या मुली हे काम करतात त्यांच्याकडूनच आम्ही ते समजून घेतले आहे. केस मोकळे करून, भाग पाडून, गरम टाँगवर वळवून, आंबाडा किंवा वेणी घालून, पिना लावून, गजरा माळून होईपर्यंत तास लागतो. केस ओले किंवा तेलकट असतील तर टाँग चालत नाही, आधी वाळवावे लागतात, आणि तिथे आणखी अर्धा तास जातो. चेहऱ्याला साधारण दीड तास. आधी त्वचा स्वच्छ करून मॉइश्चरायझर मुरू द्यायचे, मग बेस, मग डोळे. यात सर्वात वेळखाऊ डोळेच. दोन्ही सारखे व्हावे लागतात आणि मधूनच नवरीच्या डोळ्यात पाणी येते, ते कधी काजळाने, तर कधी आई खोलीत आल्याने. मग साडी. निऱ्या, पदर, पिना, दागिने, बांगड्या, यांना पाऊण तास धरा. फोटोवाल्याला अर्धा तास हवाच असतो, आणि हल्ली तो तयारी चालू असतानाचेही फोटो मागतो, म्हणजे ताईचा हात थांबतो.

आता उलटे मोजा. लग्न बाराला लावायचे असेल तर नवरी पावणेबाराला मंचाजवळ हवी. फोटोसाठी सव्वाअकरा. साडी-दागिन्यांसाठी साडेदहाला सुरुवात. मेकअपसाठी नऊ. केसांसाठी आठ. आणि ब्लाऊजचा हुक तुटणे, वीज जाणे, बांगड्यांचा डबा घरी राहणे, अशा गोष्टींसाठी वर अर्धा तास. म्हणजे साडेसातला नवरी नाश्ता करून खुर्चीवर बसलेली असली पाहिजे. नाश्ता हा शब्द आम्ही मुद्दाम लिहितो आहोत. आपल्याकडे नवरी पहाटेपासून उपाशी असते आणि विधीत उभी असताना तिला भोवळ येते, हे एप्रिल-मे महिन्यात विदर्भात आणि मराठवाड्यात काही नवलाचे नाही. बाहेर उन्हाचा पारा चाळिशी ओलांडून गेलेला, डोक्यावर पत्र्याचा मंडप, अंगावर जड साडी. नवरीकडची माणसे दोन तासांवरच्या गावाहून येणार असतील तर एक तर त्यांनी आदल्या रात्री मुक्कामाला यावे, नाही तर लग्नाची वेळ दुपारनंतरची ठेवावी. तिसरा रस्ता नाही.

आदल्या रात्रीचाही हिशेब आहे. हळदीच्या रात्री दोन वाजेपर्यंत डीजे वाजवायचा आणि सकाळी सहाला नवरीला उठवायचे, मग तिच्या सुजलेल्या डोळ्यांवर ताईने जादू करावी अशी अपेक्षा ठेवायची. (हळद आपल्या लग्नात मुळात का आहे, हा वेगळा वाद आहे. तो पुन्हा कधी.) मेहंदी दोन दिवस आधी काढली तर तिचा रंगही चढतो आणि रात्रीची झोपही वाचते. फेशियल किंवा ब्लीच पहिल्यांदाच करायचे असेल तर ते लग्नाच्या आदल्या दिवशी अजिबात नको. पुरळ उठले, लाली आली, तर ती उतरायला दिवस लागतात. आठवडाभर आधी उरकावे. केस आदल्या दिवशी धुवून कोरडे ठेवावेत. सकाळी समोर बटणे असलेला शर्ट किंवा गाऊन घालावा, म्हणजे साडी नेसताना तो डोक्यावरून काढावा लागत नाही आणि तासभर बसून केलेले केस मोडत नाहीत. ज्या खोलीत तयारी होणार ती आदल्या दिवशी कुणीतरी जाऊन पाहावी. आरसा आहे का, खिडकीतून उजेड येतो का, की एकच पिवळा बल्ब आहे, आणि भिंतीवर वीज चालू असलेला सॉकेट आहे का. समाजमंदिराला लागून असलेल्या खोलीत एकच सॉकेट असतो आणि त्यावर पंखा चालू असतो. टाँग लावायचा तर पंखा बंद, आणि पंखा बंद तर मेकअप घामाने ओघळतो. पन्नास रुपयांचे एक्स्टेन्शन बोर्ड आणायचे कुणाच्या ध्यानात येत नाही, म्हणून पाचशे माणसे ताटकळतात.

यावर आमचे काही ज्येष्ठ सहकारी म्हणतील, मुळात मेकअप हवाच कशाला? बाबासाहेबांनी साधेपणा शिकवला. ४ डिसेंबर १९५६ रोजी, म्हणजे महापरिनिर्वाणाच्या दोनच दिवस आधी लिहिलेल्या पत्रात त्यांनी बौद्ध विवाहविधी किती साधा आहे ते सांगितले होते. होम नाही, सप्तपदी नाही, पाण्याने भरलेला नवा मातीचा घट, त्यातल्या सुताची दोन टोके दोघांच्या हातात, आणि दोघांच्या अंगावर पांढरी वस्त्रे. हे सगळे खरे आहे. एखाद्या मुलीला तोंड धुऊन, केसांची वेणी घालून, पांढरी सुती साडी नेसून अर्ध्या तासात विहारात उभे राहायचे असेल तर आम्ही तिचे स्वागतच करू. पण हा साधेपणा फक्त तिच्या चेहऱ्यापाशी का आठवतो? नवरदेवाचा कोट, फेटा, भाड्याची गाडी, दहा-बारा स्पीकरांची भिंत, यांच्या वेळी साधेपणाचे पत्र कुणी काढून दाखवत नाही.

आणि बाबासाहेबांचेच नाव घ्यायचे तर महाडही आठवा. डिसेंबर १९२७ मध्ये मनुस्मृतीचे दहन झाल्यावर त्यांनी परिषदेला आलेल्या स्त्रियांपुढे भाषण केले. त्यात ते लुगडे कसे नेसावे यावर बोलले, गळ्यातल्या गळसऱ्यांवर बोलले, हातातल्या चांदी-कथलाच्या दागिन्यांवर बोलले. ज्या वेशावरून जात ओळखू येते तो वेश टाका, स्वच्छ राहा, नीटनेटके राहा, हे त्यांचे सांगणे होते. आपल्या आज्या-पणज्यांनी ते ऐकले आणि लुगडे नेसण्याची पद्धत बदलली. स्त्रीने कसे दिसावे हा प्रश्न या चळवळीने कधीच क्षुद्र मानला नाही. तथागतांनी सिगालोवाद सुत्तात गृहस्थाचा विनय सांगितला, त्यात पतीने पत्नीप्रती पाळायची पाच कर्तव्ये आहेत. पहिले तिचा सन्मान करणे, आणि पाचवे तिला अलंकार देणे. तेव्हा नटणे म्हणजे धम्मविरोधी, असे सरसकट सांगणाऱ्यांनी सुत्त एकदा वाचावे.

दुसरा आक्षेप आमच्या तरुण मैत्रिणींचा असतो. नवरीने किती वेळ घ्यावा हा तिचा खासगी प्रश्न आहे, तुम्ही घड्याळ लावणारे कोण? हा आक्षेप आम्ही गंभीरपणे घेतो. ती काय करते, किती खर्च करते, हे तिने ठरवावे. पण वेळ जाहीर झाली की ती तिच्या एकटीची राहत नाही. पत्रिका वाचून कुणी रोजंदारी बुडवून आलेले असते, कुणी तान्हे मूल घेऊन. ती वेळ तिला विचारूनच जाहीर करा, एवढेच आमचे म्हणणे आहे. तिला साडेचार तास लागणार असतील तर पत्रिकेवर दुपारी तीन छापा. आपल्याला अडवणारे कोण आहे? १८७३ साली जोतिरावांच्या सत्यशोधक समाजाने भटाशिवाय लग्ने लावायला सुरुवात केली, ती कोर्टकचेऱ्या सोसून. ग्रहताऱ्यांपासून सोडवून आणलेली वेळ आपण पुन्हा '१२ वाजून ३५' अशी काल्पनिक लिहितो आणि ती पाळली गेली नाही की एका मुलीकडे बोट दाखवतो.

आता एक कडू गोष्ट. हा वेळ कधी कधी खरोखरच वाढतो, आणि तो वाढतो मुलीला गोरी करण्यात. नवरदेवाची आत्या खोलीत येते आणि म्हणते, "अजून थोडं उजळ कर ना." मग चेहरा दोन शेड वर जातो. चेहरा उजळला की मान काळी दिसते, म्हणून मानेला थर. मग कान. मग पाठ, दंड, हाताचे पंजे. अर्धा-पाऊण तास यातच जातो, आणि घाम आला की सगळे पट्ट्यापट्ट्यांनी निघते. 'रंग सावळा आहे, पण नाकीडोळी नीटस' या वाक्यातल्या त्या 'पण'ने आपल्या किती मुलींना छळले आहे! ज्या क्रीमच्या नावातच गोरेपणा होता त्या कंपनीलाही २०२० साली तो शब्द काढावा लागला. आपल्या बैठकीतून मात्र तो 'पण' अजून निघालेला नाही. मुलीच्या स्वतःच्या रंगाचा बेस लावला तर वेळ वाचतो, पैसे वाचतात, आणि फोटोत ती तीच दिसते. हे लग्नाच्या सकाळी ठरत नाही. दोन-तीन आठवडे आधी एकदा चाचणीचा मेकअप करून दिवसाच्या उजेडात आरशात पाहावे, कुठली शेड ते तेव्हाच ठरवावे आणि आत्याबाईंना तेव्हाच सांगून टाकावे. नवे सौंदर्यप्रसाधन त्वचेला सोसते की नाही हेही त्याच वेळी कळते.

आणि जिच्या हाताने हे सगळे होते तिचे काय? आज गावोगावी हे काम करणाऱ्यांत आपल्या वस्तीतल्या कितीतरी मुली आहेत. तीन-चार महिन्यांचा कोर्स केला, कर्ज काढून पेटी घेतली, आणि लग्नसराईत पहाटे चारला उठून एसटीने किंवा स्कूटीवर निघाल्या. एका दिवसात दोन-दोन लग्ने. ठरलेले असते एका नवरीचे, आणि तिथे गेल्यावर "करवलीचे कर, मावशीचे कर, दोन मिनिटांचे तर काम" सुरू होते. एकीला अर्धा-पाऊण तास लागतो. चार जणींचे झाले की नवरीचे तीन तास गेले, आणि वर पुन्हा नवरीचीच टिंगल. जास्तीच्या कामाचे पैसे मागितले तर "आपलीच पोरगी ना तू?" असे ऐकवतात. आपलीच आहे म्हणून तर तिचे पैसे आधी दिले पाहिजेत. एके काळी गावात न्हाव्याचा वस्तरा आपल्या माणसाच्या गालाला लागत नसे. दुकानात, सलूनमध्ये सेवा नाकारणे हा गुन्हा ठरवायला १९५५ चा नागरी हक्क संरक्षण कायदा यावा लागला. सेवा नाकारली जाणे म्हणजे काय हे ज्यांना माहीत आहे, त्यांनी सेवा देणाऱ्याची किंमत कमी करू नये.

कामाचे तास हा तर बाबासाहेबांचाच विषय. व्हाइसरॉयच्या मंडळात मजूरमंत्री असताना त्यांनी मांडलेल्या विधेयकातून १९४६ साली कारखान्यातला कामाचा आठवडा ५४ तासांवरून ४८ तासांवर आला. पार्लरवाली ताई कारखान्यात नाही, तिला कोणताच कायदा घड्याळ बांधून देत नाही, म्हणून ते आपण द्यायचे. किती जणींचे करायचे, किती वाजता खुर्चीवर बसायचे, किती पैसे, यायची-जायची सोय कुणाची, आणि ती जेवणार कधी, हे आधी लिहून घ्या. चित्रपटसृष्टीत तर बाईने मेकअप करायचाच नाही, तिने फक्त केस सांभाळायचे, असा तिथल्या कामगार संघटनेचा नियम होता. तो २०१४ साली सर्वोच्च न्यायालयाने चारू खुराणा यांच्या खटल्यात संविधानाचा आधार घेऊन मोडीत काढला. हे काम कौशल्याचे आहे आणि ते करायचा हक्क संविधानाने दिलेला आहे, हे त्या निकालाने लिहून ठेवले. आपल्या घरात ते अजून 'दोन मिनिटांचे काम' आहे.

उशिराची बाकीची कारणेही एकदा मोजू. फाटकापासून मंडपापर्यंतचे दोनशे फूट अंतर कापायला वरातीला दीड तास लागतो, त्यावर कुणी हसत नाही, कारण तिथे पोरे नाचत असतात आणि गाणी भीमाची असतात. नवरी तयार होऊन खोलीत बसलेली आणि नवरदेव अजून रस्त्यावर, असेही आम्ही कितीदा पाहिले आहे. मग नेते येतात. त्यांचा सत्कार, त्यांचे मनोगत, मग दुसऱ्या गटाच्या नेत्याचा सत्कार, कारण तो रुसायला नको. यात चाळीस मिनिटे जातात. पंगती बसल्याच्या आवाजात बौद्धाचार्य उभे राहतात आणि कुणीतरी त्यांच्या कानात सांगते, "गुरुजी, जरा आटपतं घ्या." मग कात्री लागते ती प्रतिज्ञांना. वराच्या पाच प्रतिज्ञा कशाबशा होतात, वधूच्या तर पुटपुटून उरकल्या जातात. पत्नीचा सन्मान करीन हे वाक्य भरसभेत मोठ्याने उच्चारले जावे, यासाठीच तर एवढा खटाटोप होता. मंडपातल्या मागच्या रांगेला ते ऐकूच जात नाही. उशिराची खरी किंमत ही आहे.

म्हणून यावर्षीच्या लग्नसराईत बौद्धाचार्यांनी आणि तरुण कार्यकर्त्यांनी काही गोष्टी हातात घ्याव्यात असे आम्हाला वाटते. बैठकीत नवरीला बोलावून बसवा आणि वेळ तिला विचारा. तिच्या बाजूने एक जबाबदार बाई नेमा, मावशी असो की मैत्रीण, जिचे त्या सकाळी एकच काम असेल : खोलीत फालतू माणूस येऊ न देणे, घड्याळाकडे पाहणे आणि नवरीच्या पोटात काही जाते की नाही ते बघणे. वरातीला फाटकाशी पोहोचायची वेळ लेखी द्या. सत्कार आणि भाषणे विधीनंतर ठेवा, जेवण चालू असताना नेते बोलले तरी चालते, त्यांना सवय असते. आणि बौद्धाचार्यांनी यजमानांना आधीच सांगून ठेवावे की उशीर कितीही झाला तरी प्रतिज्ञा पूर्ण होतील, माइकवर होतील, आणि दोघांच्याही होतील.

काही ठिकाणी नवरदेवाकडचे लोक म्हणतील, वेळ आम्ही ठरवणार, लग्न आमच्या दारात आहे. त्यांना बाबासाहेबांचे १९४२ चे नागपूरचे भाषण दाखवा. जुलै महिन्यात भरलेल्या दलित महिलांच्या त्या परिषदेत त्यांनी मुलींना सांगितले होते की लग्नानंतर नवऱ्याची मैत्रीण म्हणून, बरोबरीची म्हणून उभ्या राहा. आणि तरीही ते ऐकत नसतील तर पत्रिकेचा मजकूर प्रेसमध्ये जाण्याआधी त्यातली वेळ खोडून तिथे 'नवरीला विचारून' असे पेन्सिलीने लिहून ठेवा. प्रेसवाला विचारायला फोन करेलच.